दोन वह्या: अंडरग्राउंड रॅपरने सुरुवात कशी करावी

रॅप लिहिणाऱ्या प्रत्येकाकडे एक वही असते. कागदाची नसेल तर मोबाइलमधली. अर्धवट बार्स (रॅपच्या ओळी), खोडलेली यमकं, रात्री दोनला सुचलेलं आणि सकाळी वाचताना लाज आणणारं बरंच काही तिच्यात असतं. दुसरी वही मात्र फार थोड्यांकडे असते. तिच्यात एकही ओळ गाण्याची नसते. अमुक बीट (ज्यावर रॅप म्हणतात ते संगीत) कुणाचा, त्याच्याशी काय ठरलं, गाण्यात कुणाचा किती वाटा, मूळ फाइल कुठे ठेवली, शोला कोण आलं आणि त्यातलं पुन्हा कोण आलं, एवढंच.

मी ही दुसरी वही चौथ्या वर्षी सुरू केली. त्याआधीच्या तीन वर्षांतली गाणी पूर्णपणे माझी आहेत का, असं कुणी विचारलं तर आजही मला छातीठोकपणे हो म्हणता येत नाही. हे तुमच्यावर येऊ नये म्हणून ही वाट क्रमाने सांगतो.

त्याआधी दोन शब्दांचा घोळ मिटवू. ‘स्वतंत्र’ ही कागदावरची गोष्ट आहे: गाण्याचा मास्टर, म्हणजे मूळ रेकॉर्डिंग, कुणाच्या मालकीचा. ‘अंडरग्राउंड’ ही आवाजाची आणि श्रोत्यांची गोष्ट आहे. दोन्ही एकत्रच असतील असं नाही. टेक नाइन या अमेरिकन रॅपरने १९९९ मध्ये भागीदारासोबत स्ट्रेंज म्युझिक हे स्वतःचं लेबल, म्हणजे रेकॉर्ड कंपनी, काढलं आणि सततच्या दौऱ्यांच्या जोरावर स्वतंत्र राहूनच ते प्रचंड मोठं केलं. दुसऱ्या टोकाला न्यूयॉर्कचा ‘का’ (Ka) नावाचा रॅपर. तो अग्निशमन दलात कॅप्टन होता. नोकरी सांभाळून लिहायचा, बरेचसे बीट स्वतः बनवायचा, अल्बम स्वतःच काढायचा आणि नवा अल्बम आला की रस्त्यावर उभा राहून हातोहात विकायचा. २०२४ मध्ये तो गेला तोवर जाणकारांमध्ये त्याच्या लेखणीबद्दल दुमत उरलं नव्हतं. या दोघांपैकी कुणासारखं व्हायचंय ते आज ठरवू नका, पण दोन्ही रस्ते खरे आहेत हे माहीत असू द्या.

पहिली पायरी: ओळी

हिप-हॉपचा जन्म ११ ऑगस्ट १९७३ चा धरतात. न्यूयॉर्कच्या ब्राँक्समधल्या एका इमारतीतल्या पार्टीत डीजे कूल हर्कने नाचायला सगळ्यात भारी वाटणारा ड्रमचा तुकडा, म्हणजे ब्रेक, लांबवत नेला. एकच रेकॉर्ड दोन टर्नटेबलवर ठेवून तोच तुकडा पुन्हा पुन्हा वाजवण्याची युक्ती तिथूनच रुजली. माइकवर बोलणारा त्या वेळी ड्रमच्या मदतीला होता. हे सांगतोय ते इतिहासाच्या हौसेने नाही. नवखे लोक अजूनही आधी कविता लिहितात आणि मग ती बीटवर कोंबतात. उलट करा. आधी बीट वीस वेळा ऐका, किक (ड्रमचा जड ठोका) कुठे पडतो, स्नेअर (कडक ठोका) कुठे, ते टेबलावर वाजवून बघा. तोंडाने अर्थ नसलेले आवाज काढत फ्लो, म्हणजे शब्दांची लय, पकडा. शब्द मग आणा.

एक बार म्हणजे चार ठोके. ९० बीपीएमवर (मिनिटाला ९० ठोके) १६ बार साधारण ४३ सेकंदांत संपतात. एवढ्यात काय सांगून होतं याचा अंदाज येईपर्यंत १६ बारच लिहा, पूर्ण गाणं नको. एकच व्हर्स (कडवं) तीन वेगवेगळ्या फ्लोमध्ये म्हणून बघा. श्वास कुठे घ्यायचा तिथे वहीत उभी रेघ मारा. घरात बसून दमछाक झाली तर स्टेजवर काय होईल ते ओळखा.

मराठीत लिहिणाऱ्यांसाठी एक खास सापळा आहे. आपलं क्रियापद वाक्याच्या शेवटी येतं, त्यामुळे ‘करतो-मरतो-फिरतो’ हे यमक फुकट मिळतं. आणि फुकटचं यमक ऐकणाऱ्याला तुमच्याआधी कळतं. ‘रोज रात्री लिहितो, रोज सकाळी फाडतो’ ही ओळ चुकीची नाही, पण मेलेली आहे. ‘रात्री लिहिलेली पानं, सकाळी फाडलेलं गाणं’ म्हटलं की शेवटी नाम आलं, क्रियापद पोटात गेलं आणि कान टवकारला. दुसरं म्हणजे ऱ्हस्व-दीर्घ. ठोक्यावर नेमका ऱ्हस्व स्वर येतो आणि आपण तो ताणतो, मग शब्द परक्या माणसाने उच्चारल्यासारखा वाटतो. रेकॉर्ड करून ऐकलं की लगेच सापडतं. यमक ओळीच्या मधेही पेरा. न्यूयॉर्कच्या रकिम या रॅपरने ऐंशीच्या दशकात ओळीच्या पोटातली यमकं एवढ्या सफाईने वापरली की त्यानंतर लिहिण्याची रीतच बदलली. तो लहानपणी सॅक्सोफोन वाजवायचा, आणि ते त्याच्या ओळी जिथे वळतात तिथे ऐकू येतं.

दुसरी पायरी: लोकांसमोर पडणं

एकट्याने फार काळ घासू नका. सायफर (गोल करून आळीपाळीने रॅप करणारे लोक) शोधा, ओपन माइक (कुणीही येऊन म्हणावं असा कार्यक्रम) शोधा. नसेल तर चार जण जमवा आणि मोबाइलवर बीट लावा.

लॉस एंजेलिसमध्ये गुड लाइफ कॅफे नावाची जागा होती. तिथे १९८९ च्या अखेरीपासून ओपन माइक चालायचा. शिव्या द्यायच्या नाहीत हा नियम. आणि रॅपर ढेपाळला की सगळी खोली एका सुरात ओरडायची, ‘प्लीज पास द माइक!’ फ्रीस्टाइल फेलोशिप या गटासारखे लोक याच खोलीत घडले. मला त्यातला शिव्यांवरचा नियम फार शहाणपणाचा वाटतो. शिवी हा बारमधला भराव असतो. तो काढला की खाली भिंत आहे की नाही ते दिसतं. महिनाभर शिवीशिवाय लिहून बघा, नंतर हवं तर परत आणा.

हशा, शांतता, मोबाइलकडे वळलेल्या माना: कुठल्या ओळीवर काय झालं ते घरी येऊन लिहा. कौतुक करणाऱ्यांपेक्षा या नोंदी उपयोगी पडतात. आणि आपला नंबर झाला की निघून जाऊ नका. बाकीच्यांना ऐकून जा. तुमची पहिली वीस माणसं याच खोलीत बसलेली असतात.

तिसरी पायरी: बीट आणि त्याचा कागद

इथून दुसरी वही उघडायची. सगळ्यात जास्त गाणी याच पायरीवर हातची जातात, म्हणून इथे जरा थांबू.

बीट तीन प्रकारे मिळतो. स्वतः बनवा, ओळखीच्या प्रोड्यूसरसोबत बनवा किंवा ऑनलाइन घ्या. ऑनलाइन मिळणारे बहुतेक बीट विकत मिळत नाहीत, भाड्याने मिळतात. त्याला लीज म्हणतात. तोच बीट आणखी शंभर जणांनी भाड्याने घेतलेला असू शकतो. लीजमध्ये किती स्ट्रीम चालतील, किती वर्षं चालेल, व्हिडिओ करता येईल का, शोमध्ये वाजवता येईल का, हे सगळं लिहिलेलं असतं. मर्यादा ओलांडली की नवीन लीज घ्यावी लागते. एक्सक्लुझिव्ह हक्क घेतले तर बीट पुढे दुसऱ्याला दिला जात नाही, पण आधी ज्यांनी लीज घेतलीय त्यांची गाणी बहुधा तशीच राहतात. ‘फ्री’ लिहिलेला बीट बहुतेकदा कमाई न करण्याच्या अटीवर फ्री असतो. त्यावर गाणं काढून स्ट्रीमिंगवर टाकलं की अट मोडली.

माझं एक गाणं असंच गेलं. लीज संपली, बीट दुसऱ्याने एक्सक्लुझिव्ह घेतला, आणि त्यातल्या त्यात बरं चाललेलं ते गाणं मला स्वतःच्या हाताने खाली उतरवावं लागलं. करार माझ्या ईमेलमध्ये पडून होता. मी तो उघडलाच नव्हता.

लीजच्या बीटवरचं गाणं यूट्यूबच्या कंटेंट आयडी या हक्क तपासणाऱ्या प्रणालीत नोंदवू नका. ती प्रणाली आवाज जुळवून बघते. तुमच्या गाण्यातला बीट आणि शंभर जणांच्या गाण्यातला बीट एकच, म्हणजे त्या सगळ्यांच्या व्हिडिओंवर तुमच्या नावाने दावे लागतील आणि शिव्या तुम्हाला बसतील.

सॅम्पलचं प्रकरण याहून जुनं आणि चिवट. दुसऱ्याच्या रेकॉर्डमधला तुकडा घेतला तर परवानग्या दोन लागतात: रेकॉर्डिंगच्या मालकाची आणि रचनेच्या, म्हणजे शब्द आणि संगीताच्या, मालकाची. १९९१ मध्ये न्यूयॉर्कच्या फेडरल कोर्टाने रॅपर बिझ मार्कीच्या विरोधात निकाल दिला आणि विनापरवाना सॅम्पलचा मोकळा काळ तिथे संपला. डे ला सोल या रॅप गटाचं उदाहरण तर मनाला लागतं. त्यांचं सुरुवातीचं काम १९८९ पासूनचं, जगभर नावाजलेलं, पण सॅम्पलच्या परवानग्या आणि जुने करार यांत अडकून ते स्ट्रीमिंगवर आलं ३ मार्च २०२३ ला. त्यांच्यातला ट्रुगॉय त्याच्या काही आठवडे आधी गेला. छोट्या कलाकाराला कोण पकडतंय, असं म्हणणारे पुष्कळ भेटतील. छोटे असेपर्यंत पकडत नाहीत हे खरंच आहे. गाणं चाललं की पकडतात.

प्रोड्यूसर मित्र असेल तर कागद आणखी गरजेचा. गाणं तयार झालं त्याच दिवशी स्प्लिट शीट करा: गाण्याचं नाव, तारीख, प्रत्येकाचं खरं नाव, रचनेत किती टक्के, मास्टरमध्ये किती टक्के, खाली सह्या. अर्ध्या पानाचं काम. रचनेत बीट आणि शब्द निम्मे-निम्मे धरायची पद्धत बरीच रूढ आहे, पण ती बोलून ठरवायची असते, गृहीत धरायची नसते. हूक, म्हणजे गाण्यात पुन्हा पुन्हा येणारा भाग, तिसऱ्याने लिहिला असेल तर त्याचंही नाव घाला. मैत्रीत कशाला कागद, असं कुणी म्हणालं तर मैत्री टिकावी म्हणूनच कागद, एवढं सांगा.

चौथी पायरी: रेकॉर्डिंग

महागड्या माइकपेक्षा खोली महत्त्वाची. रिकाम्या भिंतींच्या खोलीत कुठलाही माइक डब्यासारखा वाजतो. कपड्यांनी भरलेलं कपाट मागे घ्या, गोधड्या टांगा, कोपरा टाळा. खोली फारच घुमत असेल तर कंडेन्सरऐवजी डायनॅमिक माइक घ्या, तो आजूबाजूचं कमी पकडतो. पॉप फिल्टर लावा आणि तोंड माइकपासून एक वीतभर ठेवा. ‘प’ आणि ‘फ’ फुटत असतील तर माइक किंचित तिरका करा.

२४ बिटमध्ये रेकॉर्ड करा. गेन (माइकचा आवाज किती वाढवायचा ते) एवढाच ठेवा की सगळ्यात मोठा आवाजही उणे सहा डेसिबलच्या वर जाणार नाही. लाल दिवा लागलेला टेक (एका वेळचं रेकॉर्डिंग) कितीही जीव ओतून केलेला असला तरी टाकून द्यावा लागतो, कारण क्लिपिंग, म्हणजे मर्यादेबाहेर जाऊन फाटलेला आवाज, नंतर नीट होत नाही. मुख्य टेक, त्यावर निवडक शब्दांचे डबल (तेच शब्द पुन्हा म्हणून), मग ऍडलिब्स (ओळींमधले छोटे उद्गार), असे वेगवेगळ्या ट्रॅकवर घ्या. सगळीकडे डबल घातले की ओळींची धार जाते. पंच-इन करून, म्हणजे मधूनच रेकॉर्डिंग सुरू करून, ओळी जोडायला हरकत नाही, पण ते व्हर्स तुम्हाला एका दमात म्हणता येत नसेल तर ते अजून तयार नाही.

मिक्स स्वतः शिका, निदान इतकं की दुसऱ्याला काय हवंय ते सांगता यावं. मास्टरिंग (मिक्सवरचा शेवटचा हात) जमेल तेव्हा दुसऱ्या कानांकडून करून घ्या. फार जोरात वाजावं म्हणून मास्टर दाबून काढू नका. स्पॉटिफाय सगळी गाणी उणे १४ एलयूएफएसच्या (आवाज किती मोठा वाटतो ते मोजायचं एकक) आसपास आणतं, म्हणजे तुमचा आवाज तिथे खाली खेचलाच जातो, वर उरतो तो फक्त चिरडलेला ड्रम.

शेवटी फाइल्स. पूर्ण गाणं, इन्स्ट्रुमेंटल, फक्त आवाज, मुख्य आवाज काढून हूक आणि ऍडलिब्स ठेवलेला शोसाठीचा ट्रॅक, आणि सगळे स्टेम्स (प्रत्येक वाद्याचे आणि आवाजाचे सुटे ट्रॅक). दोन ठिकाणी ठेवा. त्यातलं एक घराबाहेर. हार्ड डिस्क कधी ना कधी जातेच, माझी एका मिक्सटेपसकट गेली.

पाचवी पायरी: गाणं बाहेर काढणं

नाव ठरवलं असेल तर आधी सगळीकडे शोधून बघा. त्याच नावाचा दुसरा कलाकार असेल तर तुमची गाणी त्याच्या पानावर जाऊन बसतात आणि ती सोडवताना नाकी नऊ येतात.

स्ट्रीमिंगवर थेट गाणं टाकता येत नाही, मधे डिस्ट्रिब्युटर, म्हणजे गाणी तिथे पोहोचवणारी कंपनी, लागतो. डिस्ट्रोकिड वर्षाची वर्गणी घेतं. ती भरायची थांबवली की गाणी उतरू शकतात, नाहीतर ती कायम ठेवायला वेगळे पैसे मोजा. सीडी बेबी प्रत्येक रिलीजमागे एकदाच फी घेतं आणि डिजिटल कमाईतले ९ टक्के कापतं. वर्षाला दहा गाणी काढणार असाल तर पहिला प्रकार स्वस्त पडेल, दोन वर्षांतून एक अल्बम काढणार असाल तर दुसरा.

प्रत्येक रेकॉर्डिंगला १२ अक्षर-अंकांचा आयएसआरसी हा ओळख-कोड मिळतो. तो वहीत लिहा. डिस्ट्रिब्युटर बदलताना तोच कोड वापरला तरच सहसा जुने आकडे गाण्यासोबत येतात. आणखी एक नोंदणी नव्वद टक्के नवखे विसरतात असं मी म्हणेन (मोजलेलं नाही, पण विचारून बघा). डिस्ट्रिब्युटरकडून येतात ते फक्त मास्टरचे पैसे. रचनेचे, म्हणजे गीतकार आणि संगीतकार म्हणून मिळणारे पैसे वेगळ्या वाटेने येतात. त्यासाठी हक्क गोळा करणाऱ्या संस्थेत स्वतःची आणि प्रत्येक गाण्याची नोंद करावी लागते. स्प्लिट शीट तिथे लागते. नोंद नसेल तर तो पैसा कुणाच्याच नावावर नसलेल्या ढिगात जातो.

तारीख किमान चार आठवडे पुढची घ्या. स्पॉटिफायच्या संपादकांकडे गाणं पाठवायचं असेल तर ते रिलीजच्या सात दिवस आधी तरी सादर व्हावं लागतं, आणि डिस्ट्रिब्युटरकडून तिथे पोहोचायलाच काही दिवस जातात. गाणं किमान ३० सेकंद ऐकलं गेलं तरच स्ट्रीम मोजला जातो, तेव्हा मिनिटभराचा पावसाचा आवाज सुरुवातीला लावायच्या आधी विचार करा. २०२४ पासून तिथे आणखी एक नियम आहे: मागच्या १२ महिन्यांत १,००० स्ट्रीम न झालेल्या गाण्याला मास्टरचे पैसे मिळत नाहीत. म्हणजे वीस गाणी एकदम ओतण्यापेक्षा चार गाणी नीट पोहोचवणं फायद्याचं.

आणि ‘दहा हजार स्ट्रीमची हमी’ देणारा मेसेज आला तर सरळ उडवा. ते बॉट असतात. बनावट स्ट्रीम पकडले गेले की गाणं उतरतं आणि दंडाचा भार डिस्ट्रिब्युटरमार्फत तुमच्यापर्यंत येऊ शकतो.

सहावी पायरी: नावानिशी माहीत असलेले श्रोते

स्ट्रीमिंगवर श्रोता तुमचा नसतो, तो ऍपचा असतो. त्याचं नाव, पत्ता तुम्हाला कळत नाही. म्हणून ईमेलची यादी पहिल्या शोपासून करा, अगदी कागदावर लोकांनी हाताने लिहिलेली. त्यांना महिन्यातून एकदाच लिहा, पण काहीतरी सांगण्यासारखं असेल तेव्हाच.

बँडकॅम्प या साइटवर गाणी विकत घेता येतात आणि कोणी घेतली ते दिसतं. ते डिजिटल विक्रीतले १५ टक्के आणि वस्तूंवर १० टक्के घेतात, शिवाय पैसे पोहोचवण्याचा खर्च. २०२० पासून अधूनमधून बँडकॅम्प फ्रायडे असतो. त्या दिवशी ते आपला वाटा सोडतात, म्हणून कॅसेट, टीशर्ट असं काही काढणार असाल तर तो दिवस बघून काढा.

२०१३ मध्ये रॅपर निप्सी हसलने एक मिक्सटेप ऑनलाइन फुकट ठेवला आणि त्याच्याच १,००० छापील प्रती प्रत्येकी १०० डॉलरला विकल्या. लोक हसले, प्रती संपल्या. त्याच्याकडे आधी वर्षानुवर्षं जमवलेली माणसं होती, एवढं विसरून नक्कल करू नका. तुमच्याकडे पन्नास असतील तर पन्नास प्रती काढा, हाताने नंबर घाला. वहीत लिहा कोणता नंबर कुणाकडे गेला. पुढच्या वेळी त्याच माणसांना आधी विचारा.

सातवी पायरी: स्टेज

पहिले शो वीस मिनिटांचे असतात. पाच गाणी पुरतात, सहावं तयार असू द्या. स्वतःच्या पूर्ण गाण्यावर, मुख्य आवाजासकट, ओरडणारे रॅपर मी फार पाहिले आहेत. समोरच्याला लगेच कळतं की माइक बंद केला तरी फरक पडणार नाही. म्हणून तो वेगळा शोचा ट्रॅक. माइकची जाळी मुठीत धरू नका, चित्रात भारी दिसतं पण आवाज चोंदतो आणि शिट्टी वाजते. ट्रॅक पेन ड्राइव्हवर आणि मोबाइलवर, दोन्हीकडे. साउंडचेकला वेळेवर जा आणि साउंड बघणाऱ्याचं नाव विचारा. तुमची रात्र त्याच्या हातात आहे.

पैसे किती, कधी, पाहुणे किती आणता येतील, हे मेसेजवर लेखी घ्या. फुकट शो करायचे असतील तर किती करायचे तो आकडा आधीच ठरवा.

नोकरी सोडू नका. अग्निशमन दलातल्या ‘का’चं उदाहरण वर दिलंच आहे. घरभाड्यासाठी गाणं लिहावं लागलं की ओळी आपोआप मवाळ होतात, हे मी स्वतःच्या वहीत पाहिलंय.

आठवी पायरी: कुणीतरी करार घेऊन येतं तेव्हा

येतं, कधी ना कधी. ऍडव्हान्स हे बक्षीस नसून तुमच्याच भविष्यातल्या कमाईतून वसूल होणारी उचल आहे. व्हिडिओचा खर्चही बहुतेकदा त्यातूनच कापतात. ‘थ्री-सिक्स्टी’ करार असेल तर शो आणि टीशर्टमधलाही हिस्सा जातो. मास्टर पी या रॅपरने १९९६ च्या सुमाराला प्रायोरिटी या रेकॉर्ड कंपनीशी केलेला व्यवहार अजून उदाहरण म्हणून सांगतात: कंपनी फक्त वितरण करणार, मास्टर त्याचे, आणि कमाईतला मोठा वाटाही त्याचाच. हे तो मागू शकला, कारण त्याआधी त्याने स्वतः माल विकून दाखवला होता आणि आकडे हातात होते. तुमचे आकडे दुसऱ्या वहीत आहेत. बैठकीला ती घेऊन जा.

संगीताचे करार वाचणारा वकील गाठा, मोठ्या भावाचा मित्र नव्हे. तो वाचत असताना तुम्ही समोरच्याला तीन गोष्टी विचारा. मुदत किती. पुढचे अल्बम घ्यायचे की नाही हे ठरवायचा हक्क कुणाकडे. आणि मुदत संपल्यावर मास्टर परत येतो का? येतो असं म्हणाले, तर ते कोणत्या पानावर लिहिलंय तिथे बोट ठेवून दाखवायला सांगा.